मागच्या खोलीचा कायमचा पत्ता

मी संशयी बाई आहे. लपवून उपयोग नाही, कारण आमचे हे दर दोन दिवसांनी कुणाला तरी ते सांगतातच. गॅसवाला असो की पार्सलवाला, मी आधी दाराच्या साखळीतून बघते. हे मात्र येईल त्याला आत घेऊन पाणी देतात, खुर्चीवर बसवतात आणि मग विचारतात, "आपण कोण?"

मागची खोली भाड्याने द्यायची ठरली, तेव्हा भाडेकरू मी निवडणार असं माझं मी ठरवलं होतं. पण स्वेटरवाली आणली ती ह्यांनीच. दिवाळी झाली की शरणपूर रोडला तिबेटी लोकांची स्वेटरची दुकानं लागतात. हे तिथे मफलर घ्यायला गेले आणि मफलरसोबत भाडेकरू घेऊन आले. "आपल्यासारखीच बौद्ध आहे," म्हणाले. थंडीचे चारच महिने राहणार, माल खोलीत ठेवणार, होळीला परत जाणार.

मी तिला पाहिलं आणि मनात पाल चुकचुकली. आमच्याकडे बौद्ध म्हणजे भिंतीवर बुद्धाची तसबीर, तिच्यापुढे मेणबत्ती, पौर्णिमेला पांढरे कपडे. माझ्या आजोबांनी घरातले देव फडक्यात बांधून नांदगावकडच्या आमच्या गावातल्या विहिरीत सोडले, तेव्हापासून देवाचं नाव नाही. हिने पहिल्याच दिवशी फळीवर पाण्याच्या वाट्या ओळीने मांडल्या आणि मागे वटारलेल्या डोळ्यांचं, पुष्कळ हातांचं कुणाचं तरी चित्र लावलं. "ही कसली बौद्ध?" मी ह्यांना विचारलं. "तिलाही तुझ्याबद्दल हेच वाटत असेल," हे म्हणाले.

तर अशी ती दर हिवाळ्याला येऊ लागली. माझ्याशी हिंदीमिश्रित मराठी, लेकीशी फोनवर तिबेटी, आणि माल आणणाऱ्या ट्रकवाल्याशी फाडफाड कन्नड. ते ऐकून मी कान टवकारले. विचारलं तर म्हणाली, जन्मच कर्नाटकातला. हुबळीच्या पुढे त्यांच्या लोकांची वसाहत आहे, आई तिथेच असते. आई लहानपणी डोंगर ओलांडून आलेली, ही मात्र इथलीच. गल्लीत सगळे तिला नेपाळीण म्हणायचे, ती कुणाला दुरुस्त करायची नाही. मी करायचे. प्रेमाने नव्हे, मला चुकीची माहिती सहन होत नाही म्हणून.

तिच्याकडे एक पुस्तिका होती. तू परकी आहेस आणि परवानगीने इथे राहतेस, असं सांगणारी. ठरावीक काळाने पोलीस कचेरीत जाऊन ती नवी करून घ्यावी लागे.

"जन्म इथला ना तुझा?"

"हो दीदी."

"मग परकी कशी?"

"लिहिलंय तसं," ती म्हणाली आणि स्वेटरच्या घड्या घालू लागली. मला वाटलं, ही काहीतरी लपवते आहे. इतकी वर्षं माणूस नुसतं 'लिहिलंय तसं' म्हणून गप्प बसतं यावर माझा काडीचा विश्वास नव्हता.

मग एका हिवाळ्यात ती माल उतरवायच्या आधी माझ्या स्वयंपाकघरात आली आणि ओट्याला टेकून उभी राहिली. लेकीचं नर्सिंग पूर्ण झालं होतं. हुशार पोरगी, पण सरकारी दवाखान्याच्या जागेसाठी अर्ज करायचा तर आधी भारताची नागरिक हवी. वकिलाने रस्ता सांगितला होता. हिचा जन्म ज्या वर्षांतला होता त्या वर्षांत इथे जन्मलेली माणसं कायद्याने इथलीच. हिने नागरिकत्व मिळवलं की लेकीचंही होतं. मात्र अट अशी, की वसाहतीत राहायचं नाही. तिथलं घर सोडायचं, सवलती सोडायच्या, पुस्तिका परत करायची आणि बाहेरचा कायमचा पत्ता द्यायचा.

"दीदी, इथला देऊ?" तिने विचारलं.

आता कळलं, मी मनात म्हटलं. इतके हिवाळे गोड बोलली ती यासाठी. भटाला दिली ओसरी, भट हातपाय पसरी. आमच्याच गल्लीत एका मास्तरांनी भाडेकरूला घरच्या पत्त्यावर रेशनकार्ड काढू दिलं आणि मरेपर्यंत कोर्टाच्या पायऱ्या चढले. मी भाडेकरूशी अकरा महिन्यांच्या वर करार करत नाही, लाइटबिलही ह्यांच्याच नावावर ठेवते. आणि ही सरळ कायमचा पत्ता मागते. बाकी कुणाला ती हेर वाटली असती. मला हेरांची भीती नाही, मला खोलीची होती.

ह्यांना सांगितलं तर हे म्हणाले, "दे की. पोरीचं आयुष्य उभं राहतंय."

"आणि आपली खोली बसतेय त्याचं काय?"

"ती चार महिन्यांच्या वर राहत नाही, घर काय बळकावते?"

मी बरेच दिवस हो म्हटलं नाही. तिनेही पुन्हा विचारलं नाही. रोज संध्याकाळी दुकानावरून येताना माझ्यासाठी भाजी मात्र आणायची, आणि त्याचाही मला संशय यायचा. शेवटी ह्यांनीच संमती लिहून दिली. मी बाजूला उभी राहून कागद दोनदा वाचला आणि 'भाड्याने' हा शब्द मोठ्या अक्षरात घालायला लावला.

माघात चौकशीला पोलीस आला. साध्या कपड्यांत होता, बोलण्यावरून सटाण्याकडचा वाटला. ती दुकानावर गेली होती. ह्यांनी अर्थातच त्याला खुर्ची दिली. त्याने खोली पाहिली, पाण्याच्या वाट्या पाहिल्या, बाहेर येऊन मला म्हणाला, "मावशी, या बाई बारा महिने इथंच राहता का?"

प्रश्न सरळ होता. खरं उत्तर दिलं असतं तर ते काम तिथेच थांबलं असतं, माझी खोली वाचली असती आणि खोटं बोलल्याचं पापही नसतं. मी तोंड उघडणार तेवढ्यात त्याने वही काढली. "पहिलं तुमचं नाव सांगा. पूर्ण, आडनावासहित."

मी सांगितलं. त्याने आडनाव लिहिलं, मान वर करून भिंतीवरची तसबीर पाहिली आणि म्हणाला, "बरं बरं."

ते 'बरं बरं' मला पाठ आहे. शाळेत, नोकरीत, घर शोधताना, आडनाव सांगितल्यावर समोरचा जे दोन शब्द बोलतो ते हे. "मूळ गाव कोणतं तुमचं?" त्याने पुढे विचारलं. "पहिल्यापासून नाशिकलाच का?" बिचारा कदाचित सहज विचारत असेल. पण माझ्या मुलाच्या जात पडताळणीच्या वेळी असाच एकजण घरी आला होता. सासूबाईंना समोर बसवून त्याने विचारलं होतं की लग्नात काय करता, कुणाला पुजता, आजेसासरे कुठे राहायचे. सासूबाई ऐंशीच्या पुढच्या, ह्याच जिल्ह्यात जन्मल्या आणि पुढे ह्याच जिल्ह्यात गेल्या. त्या दिवशी त्यांनी मला आत येऊन विचारलं, "आपल्याला काढून देतील का गं?" त्या पोलिसापुढे मला तेच आठवलं आणि डोक्यात तिडीक गेली.

"बारा महिने राहते," मी म्हटलं. "उन्हाळ्यात पण. इथेच असते, कुठे जात नाही."

मागे ह्यांना ठसका लागला. पोलिसाने लिहून घेतलं, चहा घेतला आणि गेला. हे मला म्हणाले, "तुला तिची दया आली?" मी म्हटलं, दया वगैरे काही नाही, मला त्याचा राग आला. ते खरंच होतं.

पुढे बऱ्याच खेपा झाल्या आणि एकदाचं काम झालं. पासपोर्ट आमच्या पत्त्यावर आला, मी तो उजेडात धरून उलटसुलट पाहिला. लेकीलाही तिचे कागद मिळाले आणि कर्नाटकातल्याच एका सरकारी दवाखान्यात ती लागली. तिने पेढे पाठवले. मी आधी ह्यांना खाऊ दिले, मग मी खाल्ले.

मला वाटलं होतं, ही आता कागदावर इथे राहील आणि राहायला तिथे जाईल. जगात सगळे तेच करतात. पण होळी झाली, बाकीच्या तिबेटी बायकांनी दुकानं आवरली, आणि हिच्या खोलीचा दिवा तसाच. वसाहतीतलं घर तिने खरोखर सोडलं होतं. आई मावसबहिणीकडे राहायला गेली होती. आईला इकडे आणायचं तर म्हातारी तयार नव्हती, तिची पुस्तिका तिथली, तिच्या वयाच्या बायका तिथल्या. लेक दवाखान्याच्या हॉस्टेलवर. तेव्हा ही एप्रिलमध्येही आमच्या मागच्या खोलीत. तिने नाशिकचा उन्हाळा कधी पाहिलाच नव्हता. पत्र्याखाली घामाघूम होऊन बसायची. आम्ही तिला कूलर दिला, तिने कॉलनीच्या तोंडाशी मुलांच्या टोप्या आणि सुती कपडे विकायला सुरुवात केली.

माझा संशय तरीही गेला नाही. आता बसली ती उठायची नाही, असं मला रोज वाटायचं. मे महिन्यात ती आईला भेटायला निघाली तेव्हा मी बरं वाटल्याचं तोंडावर दिसू दिलं नाही. बॅग मोठी होती. म्हटलं, गेली बहुतेक.

आठवडाभरात ती परत आली. मी अंगणात वाळवणाचे कुरडया-पापड गोळा करत होते. ती शेजारी बसली आणि गोळा करू लागली.

"इतक्यात आलीस? आई बरी आहे ना?"

"बरी आहे. खूश झाली."

"मग राहायचं की."

ती पापड एकावर एक ठेवू लागली. मग म्हणाली, "आईने विचारलं, किती दिवस आहेस? तसं कधी नव्हतं विचारलं, दीदी. मला काय सांगू कळेना. मी चार दिवस म्हटलं, मग चार दिवसांनी निघावं लागलं."

मला माहेरी हा प्रश्न लग्नानंतरच्या पहिल्याच खेपेला विचारला गेला होता. आईनेच विचारला होता, प्रेमानेच, आणि मी संडासात जाऊन रडले होते. पण निदान मला वरात काढून, वाजतगाजत पाठवलं होतं. हिला पन्नाशीत, एका पासपोर्टाच्या बदल्यात विचारलं. आणि तो देणारं जे कोणी आहे त्याने तिच्याकडून नेमकं काय घेतलं, ते कुठल्याही कागदावर लिहिलेलं नव्हतं. मी सगळे वाचले होते.

ऊन उतरेपर्यंत आम्ही दोघी तिथे बसलो. मग मी तिला म्हटलं, "रात्री आमच्याकडेच जेव." आणि ती किती दिवस आहे, ते विचारलं नाही.