कोरा बिल्ला

लिंडसे पॅस्कोने सत्तरी ओलांडल्यावर एक तत्त्वज्ञान काढलं. आमच्या कुराबिन गावातून तोवर गहू आणि लोकर यांपलीकडे काही निघालं नव्हतं. माणसाच्या दुःखाला त्याचं नाव आणि त्याच्या आठवणी कारणीभूत आहेत, दोन्ही पुसल्या की माणूस सुटला, असं त्याचं म्हणणं. हे त्याला ट्रॅक्टरवर सुचलं. त्याची बायको नोएलीन म्हणायची, ट्रॅक्टरचा रेडिओ वेळेवर दुरुस्त केला असता तर ही पाळी आली नसती.

खरं कारण गावाला ठाऊक होतं. पन्नास वर्षांपूर्वी शेजारच्या वॉलूप गावाविरुद्धच्या अंतिम सामन्यात रॉय हॅलमचा सोपा झेल लिंडसेने सोडला. हॅलम तेव्हा नऊ धावांवर होता. त्याने शतक ठोकलं आणि आम्ही हरलो. ऊन डोळ्यांवर आलं होतं, हे लिंडसे तेव्हापासून सांगत आला, आणि तेव्हापासून गावातला कुणीही त्याच्याकडे साधी किल्ली फेकण्याआधीसुद्धा त्याला विचारायचा, "ऊन नाही ना रे?"

आमच्याकडे चार माणसं कशासाठीही जमली की अध्यक्ष, चिटणीस आणि इतिवृत्त आलंच. या तत्त्वज्ञानाचंही मंडळ निघालं; लिंडसे अध्यक्ष झाला, मी चिटणीस. दर मंगळवारी दुपारी क्रिकेट क्लबात सात सदस्य जमत. नावाचा त्याग म्हणून सगळे छातीवर कोरा बिल्ला लावत. गावात दुसरं कुणी तसा बिल्ला लावत नसल्यामुळे आमचा सदस्य लांबूनच ओळखू येई.

जे विसरायचं ते ठराव मांडून, अनुमोदन घेऊन विसरायचं, असा नियम होता. पहिला ठराव अर्थातच त्या झेलाचा. तो एकमताने विसरण्यात आला. मात्र मागचं इतिवृत्त वाचल्याशिवाय सभा सुरू होत नाही, आणि विसरलेल्या बाबींची यादी इतिवृत्तातच असे. त्यामुळे दर मंगळवारी मी झेलापासून सुरुवात करी. अ‍ॅडलेडहून नव्याने राहायला आलेल्या एका बाईंना त्या सामन्याचा गंध नव्हता. महिन्याभरात त्या दिवशी वारा कुठून वाहत होता तेही त्यांना पाठ झालं.

यंदा त्या सामन्याला पन्नास वर्षं झाली म्हणून दोन्ही संघांतल्या हयात खेळाडूंना रविवारी क्लबच्या हॉलमध्ये जेवायला बोलावलं. भाषण माझ्याकडे होतं. लिंडसे आदल्या दिवशी घरी आला.

"माझं नाव घेऊ नकोस," तो म्हणाला. "एक दुपार मला कुणीच नसू दे."

मी शब्द दिला आणि पाळला. झेल ज्या सदस्याकडून सुटला त्याला आपण रीतसर विसरलो आहोत, एवढंच मी म्हणालो. अख्ख्या हॉलने मान वळवून त्याच्या कोऱ्या बिल्ल्याकडे पाहिलं. लिंडसे ताटातल्या बटाट्याकडे बघत राहिला.

मग काठी टेकत रॉय हॅलम उठला. झेलाचं काय चाललंय ते त्याला कळेना. त्या दिवशी आपण एकही चेंडू हवेत मारला नव्हता, असं त्याने शांतपणे सांगितलं. लिंडसेकडे पाहून म्हणाला, "आपण पूर्वी भेटलोय का?"

पन्नास वर्षं लिंडसेला हेच हवं होतं. आम्ही सगळे त्याच्या चेहऱ्याकडे पाहत होतो. त्याने काटा खाली ठेवला.

"नऊवर होतास तू," तो म्हणाला. "चेंडू धान्याच्या कोठारापेक्षा उंच गेला होता. इथे, या अंगठ्याला लागून पडला."

"दुसरा कुणी असेल," हॅलम म्हणाला.

"दुसरा कोण असणार? मी होतो. लिंडसे पॅस्को." त्याने बिल्ला काढून टेबलावर ठेवला आणि माझ्याकडे हात केला. "पेन दे."

मी पेन फेकलं. ते त्याच्या बोटांना लागून खुर्चीखाली गेलं. सकाळपासून बाहेर पाऊस लागला होता आणि हॉलमध्ये दिवे लावावे लागले होते.

नोएलीनने वाकून पेन उचललं आणि त्याच्या हातात दिलं.

"ऊन आलं असेल डोळ्यांवर," ती म्हणाली.