आकाशातून दिसलेलं खळं

उत्तम खळ्यात पाय का ठेवत नाही, ही चिंता कस्तुराबाईंची पाठ सोडेना. ब्रह्मदेशाच्या लढाईतून मलेरियाच्या रजेवर आलेला हा विमानवाला पोरगा रोज मेडशीच्या शेतात जाई, रिवाजाप्रमाणे खळ्याबाहेर वहाणा काढी आणि तिथंच बांधावर बसून राही. आत ज्वारीच्या कणसांवर बैलं फिरत.

शेवटी तिनंच विचारलं, "काहून रे, साहेब झाला म्हणून खळं टोचते का पायाले?"

तो हसला. मग म्हणाला, "माय, मले वरून असंच खळं दिसलं होतं."

हल्ल्याआधी दिलेल्या, विमानातून काढलेल्या फोटोतल्या गोल ठिपक्यांवर तोफा म्हणून खुणा केलेल्या होत्या. उत्तमनं विमान खाली आणलं, तेव्हा त्याला मधला खांब दिसला, त्याच्याभोवती फिरणारी बैलं दिसली. शहरात वाढलेल्याला ते खळं आहे हे उमगलं नसतं. त्यानं बॉम्ब पुढच्या जंगलात सोडले आणि परत गेल्यावर बॉम्ब सोडायचा खटका अडकला होता, म्हणून नेम चुकला, असं सांगितलं.

"म्हणजे वाचलं ना गाव."

"एक वाचलं. खुणा तशाच हायेत. उद्या दुसरा जाईन. अन् आधी मी जे ठिपके फोडले, त्याईत काय होतं? तवा मी एवढा खाली आलोच नोतो."

"लढाई हाय, बापू. समोरचा काय फुलं टाकते?"

"नाही टाकत. तोफ असंन तर मी बी टाकीन. खळ्यावर नाही. अन् खटका अडकला नोता, हे गेल्या गेल्या सांगतो."

 खरं सांगितलं तर पुढं लष्करी कोर्ट होतं. नागपूरला कॉलेजात शिकलेल्या कस्तुराबाईंना ते कुणी समजावून सांगायला नको होतं. तिचे थोरले भाऊ रामराव अकोल्याला वकील. पोरगं घुम्यासारखं बसतं, त्याला पुन्हा लढाईवर जाऊ देऊ नका, म्हणून तिनंच त्यांना गळ घातली होती. ताप डोक्यात गेला, असा डॉक्टरचा दाखला ते तयार करवत होते.

त्या दाखल्यानं उत्तम सुटला असता. पण डोकं फिरलेल्या वैमानिकानं पाहिलेल्या खळ्यावर कोण विश्वास ठेवणार? फोटोवरच्या खुणा कोण खोडणार?

तिनं गड्याला दमणीला बैल जुंपायला सांगितले.

"कुठं निघाली, माय?"

"वाशीमच्या पोस्टात. दादाले टेलिफोन करतो. म्हणतो, दाखला फाडा. माहं पोरगं शहाणं हाय."