बुधवारची पाच बसकरं

लातूरच्या स्टँडवर नांदेडची गाडी लागली तेव्हा आईनं शिदोरी दिली, दादानं पत्र लिही म्हणून बजावलं आणि अण्णांनी माझ्या हातात हॉलची किल्ली ठेवली. "बुधवारी आलीस अन् मी नसलो, तर उघडता यावं," एवढंच म्हणाले. भूकंपाला वर्ष होत आलं होतं आणि त्या किल्लीनं मी काय केलं होतं, हे घरात कुणालाच ठाऊक नव्हतं. वाटेतलं लोहा गाव येईपर्यंत मी ती मुठीतच धरून बसले होते.

परवा दादानं ग्रुपवर टाकलं, जुन्या बुधवारकरांच्या आठवणी गोळा करतोय, तूही चार ओळी लिही. डब्लिनमधल्या माझ्या किचनमध्ये बसून लिहितेय. चार ओळींत भागणार नाही, दादा. तुम्ही तिकडे राहिलेले आणि माझ्यासारखे निघून गेलेले, दोघंही वाचा.

हॉल हा आपला म्हणायला. आमच्या घराला लागून असलेलं ते सरकीचं जुनं गोदाम. वर पत्रे, खाली शहाबादी फरशी, आणि कितीही धुतलं तरी न जाणारा सरकीचा वास. अण्णा शाळेत गणित शिकवायचे, पण जीव सगळा गाण्यात. सोमवार महादेवाचा, मंगळवार देवीचा, गुरुवार दत्ताचा, मग बुधवार तेवढा गाण्याचा, असा त्यांचा हिशेब. चार वाजता दार उघडायचं, दोन तंबोरे खुंटीवरून उतरायचे आणि जो आला असेल त्यानं गायचं. उदगीरचे, नांदेडचे चांगले गवई आमच्या पत्र्याखाली गाऊन गेले, पुढ्यात पोह्यांची बशी आणि डोक्यावर कुरकुरणारा पंखा.

नेहमीच्या ऐकणाऱ्यांची इथे एक रीत होती. प्रत्येकानं आपलं लोकरीचं बसकर हॉलमध्येच ठेवायचं, कोपऱ्यात ओळखीचा धागा गुंफून. ज्याचं बसकर त्याची जागा. किल्लारीच्या बाजूच्या एका खेड्यातले पाच जण दर बुधवारी एसटीनं यायचे, त्यांचा धागा निळा. म्होरक्या सोपानकाका. गाणं संपलं की पाचही जण हॉलमध्येच झोपायचे आणि सकाळच्या गाडीनं गावी जायचे.

त्या वर्षी गणपतीचं विसर्जन बुधवारी आलं. अण्णा गवयाला आणायला उदगीरला गेले होते. आई आणि दादा आत्याकडे. चार वाजता हॉल उघडून बसकरं अंथर, असं मला सांगून ठेवलेलं. मी सतरा वर्षांची, शाळेच्या जुन्या लेझीम पथकात यंदा शेवटचं नाचणार होते. साडेतीनलाच पाच जण दारात उभे.

"बैठक हाय न्हवं, पोरी?" सोपानकाकांनी विचारलं.

"आज न्हाई काका, विसर्जन हाय. अण्णा गावाला गेलेत. पुढल्या बुधवारी या."

सरळ खोटं बोलले. त्यांना बसवलं असतं तर चहा आला, पाणी आलं, आणि मिरवणूक गेली. झाडायला उघडलेला हॉल बंद करायला गेले, तर एका हातात लेझीम, कुलूप काही लागेना. सोपानकाकांनीच पुढे होऊन ते दाबून लावून दिलं. "बराय, पाचची गाडी गावंल," म्हणाले आणि पाचही जण गल्लीच्या टोकाला वळले. गल्लीत दुसरं कुणी नव्हतं. मी पळत सुटले.

अण्णा सहाला आले, त्यांनी आपल्या किल्लीनं हॉल उघडला, गाणंही झालं. निळ्या धाग्याची बसकरं रिकामी पाहून तेवढं म्हणाले, "ही माणसं न सांगता चुकत न्हाईत." पहाटे जमीन हलली. त्या खेड्यात दगडमातीचं एक घर उभं राहिलं नाही, आणि त्या पाचांतलं कुणी वाचलं नाही. आमच्या हॉलच्या भिंतीला साधी चीरही गेली नाही. ते पाच जण त्या भिंतींच्या आत झोपलेले असायला हवे होते. मी मिरवणुकीत नाचून दमून गाढ झोपले होते, हेही लिहून टाकते.

पुढे धक्के बसत राहिले. माणसाला कळायच्या आधी तंबोऱ्यांना कळायचं. खुंटीवरच्या तारा आपोआप गुणगुणायच्या आणि आम्ही अंगणात धावायचो. कालांतराने धक्के थांबले. बुधवारची गुणगुण थांबली नाही. रस्त्यावरून ट्रक जातात, असं आई म्हणायची. दर बुधवारी अण्णा निळ्या धाग्याची पाच बसकरं अंथरायचे, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ती मी उचलायची. मधोमध ती दबलेली असायची. एकदा तर हाताला गरम लागली. आईला सांगितलं तर म्हणाली, ऊन आलं असेल. ती बसकरं असायची त्या बाजूच्या भिंतीला खिडकीच नाही.

म्हणून मी नांदेडला गेले. सगळ्यांना वाटलं, पोरीला शिक्षणाची हौस. मग हैदराबाद, मग लग्न, मग इथे हॉस्पिटलच्या लॅबमधली नोकरी. लॅबमध्ये सगळ्याचा रिपोर्ट मिळतो, म्हणून ते काम मला आवडलं. मात्र इथेही दाराला कुलूप लावताना मागे कुणी उभं आहे का, ते मी आधी बघते.

तिकडे लातुरात दरम्यान शिकवण्यांचं पीक आलं. गल्लीत दर दुसऱ्या घरावर डॉक्टर-इंजिनियर करून देण्याची पाटी. ऐकणारे थकले, काही गेले, आणि दादानं हॉल फिजिक्सच्या एका सरांना दिला. अण्णांची अट एकच: तंबोरे खुंटीवर राहतील आणि मागच्या बाकावर बुधवारी कुणी बसणार नाही. सर विज्ञानाचे, त्यांना हसू आलं. मग बुधवारच्या टेस्टला पेपर कमी पडायला लागले. पोरं मोजून पेपर काढले तरी दर वेळी पाच कमी. तीन वेळा मोजून पाहिलं म्हणे. आता सर झेरॉक्सवाल्याला सांगतात, बुधवारी पाच जास्त काढ. हसत नाहीत.

गेल्या वर्षी गेले होते. बुधवारची दुपार, क्लास सुटलेला. अण्णा ओसरीत खुर्चीवर बसून तुरीच्या शेंगा सोलत होते. ऐंशी ओलांडली, हात कापतात. आता नाही तर कधीच नाही, असं वाटलं आणि मी एका दमात बोलून टाकलं. "अण्णा, त्या पाच जणांना मीच परत पाठवलं होतं. बैठक नाही म्हणून."

"हाव. ठाऊक हाय," अण्णा म्हणाले. शेंग सोलायची थांबले नाहीत.

"कुणी सांगितलं?"

"दुसरं कोण सांगणार? त्यांनीच. तुझ्या हातात लेझीम होती म्हणाले. कुलूप लागंना तर सोपाननं दाबून दिलं म्हणे."

मी जन्मात कुणाला कुलपाचं सांगितलं नव्हतं. विचारलं, "मग मला कधी बोलला का नाहीत? वर किल्ली दिलीत?"

"मी कुठं दिली? ते म्हणाले, किल्ली पोरीपाशी ऱ्हाऊ द्या. तिनं लावलंय, तीच उघडंल."

मी पर्समधली किल्ली काढली. जुनं कुलूप आता हॉलच्या मागच्या दाराला आहे. ते लगेच उघडलं. आत बाकं, फळ्यावर वेगाची सूत्रं, आणि शेवटच्या बाकावर निळ्या धाग्याची पाच बसकरं नीट अंथरलेली. तारा गुणगुणत होत्या. मी मोठ्यानं म्हणाले, "काका, बैठक हाय. या, बसा." गुणगुण हळूहळू थांबली. मी तिथेच फरशीवर बसून पोटभर रडले.

हॉल क्लासचा झाला, अण्णाही किती दिवस असतील कोण जाणे. माझं घर म्हणून आता ती किल्लीच उरली आहे. ती इथे दाराजवळच्या खिळ्याला आहे. बुधवारी लातुरात साडेतीन वाजतात, तेव्हा मी इथलं दार नुसतं लोटून ठेवते. नवरा म्हणतो, चोर येईल. येऊ दे. ज्यांना मी एकदा परत पाठवलं, ते इतक्या लांब आलेच तर दार बंद नको.