आबा कोकण बघून आले

काकासाहेबांच्या लेखी जाफराबादच्या शिवाराबाहेर देश नव्हताच. असलाच तर वाया गेलेला. तरी यंदा त्यांना कोकणात जावं लागलं. नात आकांक्षा चिपळूणकडं नर्स होती, अन् तिला तिथलाच पोरगा करायचा होता. आबा घर-वावर बघून हो म्हणतील तरच लग्न, असं ठरलेलं.

परत आले तेव्हा स्टँडवर जीप भरेस्तोवर त्यांनी सगळा मुलूख झोडपला.

"पुणं म्हणजे माणसांचा उकिरडा. घाट म्हणजे देवानं उरलेले दगडं तिथं फेकून दिल्ते. अन् कोकण! जमीन न्हाई ती, भित हाये. बैल उभा केला तर झाडाला बांधा, न्हाईतर सरळ समुद्रात."

"मंग खातेत काय, काकासाहेब?" जीपवाल्यानं गंभीर तोंड करून विचारलं.

"भात. अन् तोंडी लावायला भात. माती बिलकुल इटकरीचा भुगा. आपली काळी पावसात पायातली चप्पल सुदीक सोडत न्हाई!"

घरी ओट्यावर टेकतात तोच सुट्टीवर आलेली आकांक्षा तांब्या घेऊन आली. "आबा, काय ठरलं?"

"जमत न्हाई. येडे लोक. भर वावरात शेणावर पाला अंथरून पेटवून दिल्ता. स्वतःच्या हातानं खत जाळून राह्यले! ते पोरगी काय सांभाळतील?"

"मंग तुम्ही काय केलं?"

"मी काय करणार?"

चुलीपाशी बसलेल्या आजी, उषाबाई, फिसकन हसल्या. आकांक्षानं मोबाइल पुढं धरला. त्यात काकासाहेब धोतर खोचून, दोन हातांत दोन बादल्या घेऊन "आग! आग!" बोंबलत पळत होते. पाणी ओतून झाल्यावर त्यांनी लढाई जिंकल्यासारख्या मिशा पुसल्या.

"आबा, त्याला राब म्हणतेत. जमीन भाजून तिथंच भाताची रोपं करतेत. त्यांच्या रोपाची जागा विझवली तुम्ही."

"हे काढलं कुणी?"

"पोराच्या आईनं, सगुणाबाईनं. म्हणल्या, तुझे आबा आमच्याशी धड बोलले न्हाईत, पण आग दिसली तर विझवायला आमच्याआधी पळाले. राब काय, पुन्हा भाजू."

काकासाहेबांनी तांब्या एका दमात रिकामा केला. भांडणाऱ्याशी भांडता येतं; असल्या लोकांचं काय करावं माणसानं?

"जाय मंग," ते खेकसले. "पण वर्षाची ज्वारी इथून जाईन. भातानं माणूस नुसता फुगतो. अन् ते मोबाइलातलं जल्दी पुसून टाक. जीपवाल्यापर्यंत गेलं तर स्टँडवर बसू देणार न्हाईत."

"परवाच गेलंय, अहो," उषाबाई भाकर थापत म्हणाल्या. "म्हणूनच तर आज समद्यांनी तुमचं इतकं ऐकून घेतलं."