वरच्या मजल्यावरच्या वकीलबाई

घाटकोपरला आमच्या वरच्या मजल्यावर एक वकीलबाई राहतात. कुठेही गेल्या की चप्पल काढून खुर्चीत मांडी घालतात आणि भराभर बोलायला लागतात. समोरच्याला वाटतं, आपणच यांच्या घरी आलोय.

मागच्या वर्षी एक मंत्री रस्त्याच्या उद्घाटनाला येणार होते. गल्लीत पाणी येत नाही म्हणून माझा नवरा त्यांना काळा झेंडा दाखवणार, याची पोलिसांना कुणकुण लागली. आदल्या दुपारीच त्याला उचलला. मी रडतच वर गेले.

"रडू नको गं. माझी भाजी गॅसवरून उतरव, मी साडी बदलते," बाई म्हणाल्या.

पोलीस ठाण्यात त्या बाकावर मांडी घालून बसल्या. "साहेब, याला का धरलंय ते लेखी द्या."

"खबरदारी म्हणून हो, मॅडम," इन्स्पेक्टर म्हणाले. "चोवीस तास ठेवता येतं. उद्या सोडतो."

"दखलपात्र गुन्हा करणार असेल तर. झेंडा दाखवणं हा कुठला गुन्हा? आणि चोवीस तास ही मर्यादा आहे साहेब, भरायची ड्यूटी नव्हे."

इन्स्पेक्टरांनाही हसू आलं. त्यांनी आत फोन लावला, आणि दिवेलागणीआधी नवरा बाहेर आला.

रिक्षात मी त्याला बजावलं, "उद्या घरातून हलायचं नाही हां."

बाईंनी माझ्याकडे वळून पाहिलं. "मग पोलिसांनीच काय वाईट ठेवला होता?"

सकाळी मीही त्याच्याबरोबर गेले. झेंडा माझ्या काळ्या ओढणीचा होता.