मेक्सिकोचे कागद, ब्राउनश्वाइगचा दगड

ब्राउनश्वाइगला मी सहलीसाठी गेले नव्हते. लेक मुक्ता तिथे पीएचडी करत होती, घर बदलणार होती आणि सामान बांधायला कुणीतरी हवं होतं. फ्रँकफर्टहून निघाल्यावर खिडकीतून पिवळीधमक शेतं आणि पवनचक्क्या दिसत राहिल्या. गाडी सात मिनिटं उशिरा पोचली. मुक्ताने जर्मन रेल्वेच्या वतीने माफीच मागितली.

रविवारी दुपारी मी चटणीसाठी मिक्सर लावला. दोन मिनिटांत खालच्या मजल्यावरच्या घरमालकीणबाई, फ्राउ हेनिंग, दारात हजर.

"रूहेत्साइट!" (शांततेची वेळ)

मी चटणीची वाटी पुढे केली. चाखून त्या म्हणाल्या, "मेक्सिकोत आमच्याकडे दगडावर वाटायचे." त्यांचा जन्म तिकडचा. वडील तरुणपणी जर्मनी सोडून गेले आणि तिथल्या सिनेमांच्या संगीतात काम करू लागले. मुक्ता दुभाषी. मी सांगितलं, मुंबईत वीस वर्षं रेकॉर्डिंगसाठी नोटेशनच्या नकला उतरवल्या. प्रत्येक वादकाला त्याचा वेगळा कागद लागतो.

बाई लगेच म्हणाल्या, "उद्या कॉफीला या. चष्मा आणा."

दुसऱ्या दिवशी टेबलावर आंबट राबार्बरचा (लाल देठांची भाजी) केक होता आणि जर्मनीत परतताना वडिलांनी आणलेल्या नोटेशनच्या कागदांचे सहा गठ्ठे, एकेका चित्रपटाचा एकेक. इकडे कबरीची जागा ठरावीक वर्षांपुरतीच मिळते. वडिलांच्या जागेची मुदत वाढवून बाई नवा दगड बसवणार होत्या. नावाखाली त्यांना 'संगीतकार' हवं होतं. धाकटा भाऊ म्हणत होता, बाबा साधे नकलनवीस होते, दगडावर खोटं नको. पाथरवटाला मजकूर गुरुवारपर्यंत द्यायचा होता.

पहिले चार गठ्ठे स्वच्छ, एका हाताचे.

"या नकला आहेत," मी म्हणाले.

"आई, अगं जरा सांभाळून बोल ना."

"आहे तसं सांग."

मुक्ताने सांगितलं. बाईंनी कपात साखर घातली आणि ढवळतच राहिल्या.

पाचवा गठ्ठा मात्र खाडाखोडीने भरलेला. समासात पडद्यावरच्या दृश्याशी जुळवलेले सेकंदांचे आकडे. एका जागी चार ओळी पूर्ण खोडून बाजूला जर्मनमध्ये लिहिलेलं: दार उघडतं.

"नकलनवीस असं खोडत नाही. त्याच्यासमोर पक्कं पान असतं. हे यांनी स्वतः रचलंय."

सहावा गठ्ठा पुन्हा स्वच्छ.

"तो पाचवा सिनेमा आठवडाभरही चालला नाही," बाई म्हणाल्या. "त्याच वर्षी मी जन्मले. बाबा नकलांच्या नियमित कामाकडे परतले." मग विचारलं, "एकच? पुरेल?"

"अख्खा सिनेमा आहे. पण भावाला सहाही गठ्ठे दाखवा."

बुधवारी भाऊ आला. त्याने पाचवा गठ्ठा पानन् पान उलटला. 'दार उघडतं' या शब्दांवर बोट ठेवलं.

"आल्झो," (बरं तर) तो म्हणाला. "दोन्ही लिहूया."

"गेनाऊ," (अगदी बरोबर) बाई म्हणाल्या. "पण क्रम मी ठरवणार."

मुक्ताचं सामान हलवून मी पुण्याला परतले. महिन्याभराने तिने दगडाचा फोटो ईमेलने पाठवला. नावाखाली 'संगीतकार', त्याखाली 'नकलनवीस'.

मी कपाटातले माझे जुने कागद काढून पाहिले. वीस वर्षांत एकही ओळ खोडलेली नाही. काम चोख होतं. दगडावरचा खालचा शब्द माझाही आहे.