टोचलेले सोळा सेल

मीटरकाकांचं खरं नाव कारखान्यात कुणाला ठाऊक नव्हतं, आणि त्यावाचून कुणाचं काही अडतही नव्हतं. बावीस वर्षं त्यांनी लिथियमचे जुने सेल तपासले. मीटरने शून्य दाखवलं की सेल मेला. मेलेला सेल कुणी पुन्हा चार्ज केला तर पेट घ्यायचा, म्हणून त्याच्या डोक्यात टोचा मारून तो मिठाच्या पाण्यात बुडवायचा. हा शिरस्ता काकांनीच घालून दिला होता, आणि त्यात ते साहेबाच्या बापालाही जुमानत नसत.

घरी काकू ऑक्सिजनच्या मशीनवर होत्या. रोज दुपारी दोन ते चार वीज जायची आणि मशीनची जुनी बॅटरी तासाभरात मान टाकायची. उरलेला तास काकू खिडकीशी बसून कशाबशा काढत. गेल्या आठवड्यात त्यांचे ओठ निळे पडले आणि काकांचं धाबं दणाणलं. जन्मात कुणापुढे हात न पसरलेला हा माणूस कारखान्यातल्या इंजिनियर बाईंपुढे अक्षरशः रडला. सौरवीज साठवायला सोडियमचे नवे सेल नमुन्यादाखल आले होते. बाईंनी मशीनच्या नव्या बॅटरीसाठी ते सोळा सेल काढून दिले. होते तेवढेच.

सकाळी आल्या आल्या काकांनी खोका उघडला. पहिला सेल शून्य. दुसरा शून्य. सोळाच्या सोळा शून्य! काकांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. फुकट देताय म्हणून भंगार गळ्यात मारायचं? खोक्यात एक कागदही होता, पण मीटर हातात असताना कागद कोण वाचतो. काकांनी एकेक सेल टोचला आणि बादलीत सोडला.

अकरा वाजता बाई आल्या. "काका, लावले का चार्जिंगला?"

"मेलेले सेल कसले लावू? सगळे शून्यावर होते. टोचून टाकले."

बाईंचा चेहरा उतरला. "अहो काका, हे मुद्दाम शून्यावर आणूनच पाठवतात, वाटेत धोका नको म्हणून. सोडियमला त्याने काही होत नाही. नुसते चार्जरला लावायचे होते हो!"

काकांनी बादलीतून एक सेल काढला. भोकातून पाणी गळत होतं. स्वतःचे हात तोडून टाकावेत असं त्यांना वाटलं.

"उद्यापर्यंत मी कुठून तरी बघते," बाई म्हणाल्या.

उद्या! वीज आज दोनला जाणार होती. दवाखान्यात खाट नाही, हे सकाळीच विचारून झालं होतं. काका धावतपळत घरी गेले.

"मिळाली का हो बॅटरी?"

"मिळाली," काका म्हणाले.

दोनला वीज गेली. मशीन जुन्या बॅटरीवर आलं. काकूंचं लक्ष नाही असं बघून काकांनी हवेचं बटण दोनवरून एकवर आणलं. तेवढीच जास्त वेळ पुरेल.

थोड्या वेळाने काकूंना धाप लागली. "अहो, पुरत नाहीये. जरा वाढवा ना."

काकांनी बटणावर हात ठेवला, आणि तसाच ठेवून दिला.

"वाढवलंय गं. आता वाटेल बरं."

काकूंनी मान डोलावली आणि विश्वासाने डोळे मिटले. दोन वाजून वीस मिनिटं झाली होती.